आई ‘येतो’ म्हणाली त्या दिवशी

मी बेळगावातल्या वडगावचा. घराला लागूनच पावरलूम. जन्मापासून ती खटखट कानावर, त्यामुळं आमच्या घरात सगळेच वरच्या पट्टीत बोलतात. लाइट गेली की माग थांबतात, माणसं मात्र ओरडतच राहतात. हे माझ्या लक्षात आलं ते हेडफोन लावून स्वतःचंच चित्रीकरण ऐकताना. त्याआधी चाळीस वर्षं त्याच घरात राहत होतो.

बेळगावात बाहेरचे कॅमेरे येतात ते बहुतेक १ नोव्हेंबरला. बेळगाव कर्नाटकाचं की महाराष्ट्राचं, हे १९५६ पासूनचं भांडण. इकडं राज्योत्सवाची मिरवणूक, तिकडं काळ्या दिनाची फेरी. दुसऱ्या दिवशी कॅमेरे परत. उरलेलं वर्ष कोण टिपणार, म्हणून मी घरातच कॅमेरा लावला. शिवाय घरात भाडं पडत नाही, हेही खरं.

यात नवं काही नाही. ल्युमिएर बंधूंनी २८ डिसेंबर १८९५ ला पॅरिसात तिकीट लावून जी हलती चित्रं दाखवली, त्यात ऑग्युस्त ल्युमिएर आपल्या तान्ह्या मुलीला भरवतोय, असं एक होतंच. पुढं योनास मेकास हा लिथुआनियाचा माणूस. महायुद्धात देशोधडीला लागला, १९४९ ला न्यूयॉर्कला पोचला आणि थोड्याच दिवसांत उसन्या पैशांनी बोलेक्स कॅमेरा घेऊन रोजचं जगणं टिपू लागला. त्या कॅमेऱ्याला चावी द्यावी लागते. एका चावीत अर्धा मिनिटही धड निघत नाही. काय टिपायचं ते आधीच ठरवावं लागे. माझा मोबाईल तासन्‌तास चालतो, आणि माझी खरी अडचण तीच.

पहिले दोन महिने पाण्यात गेले. आई इस्त्रीची साडी नेसून चुलीपुढं. ‘मी आता भाजी निवडते,’ अगदी रेडिओवरच्या बाईसारखं! आमच्याकडं बेळगावात बायका ‘मी येतो, मी करतो’ म्हणतात. सत्तर वर्षं ‘करतो’ म्हणणारी बाई कॅमेऱ्यापुढं ‘करते’ म्हणायला लागली.

मग मी मोबाईल पिठाच्या डब्याला टेकवून ठेवला तो हलवलाच नाही. एका सकाळी दारात मेथीवाली आली. आई उंबऱ्यातूनच, ‘एष्टु? जास्ती आतु, वीसला दोन दे की! थांब, पैसे घेऊन येतो.’ कानडीत सुरुवात, मराठीत शेवट, आणि तो ‘येतो’! आतल्या खोलीत मी जागचा उठलोच.

त्या एका बोलण्याखाली भाषांतराची ओळ कशी द्यायची, यात आठवडा गेला. कानडी तेवढंच मराठीत द्यावं तर मधे रेघ पडते, आणि ती रेघ आईच्या तोंडात नाही. शेवटी ओळ दिलीच नाही. मेथीचा भाव कुणालाही कळतो.

आईनं एकच दृश्य काढून टाकायला लावलं, केस विंचरतानाचं. काढून टाकलं. कारण विचारलं नाही.

पुण्यात फिल्म दाखवली तेव्हा एका गृहस्थांनी मला विचारलं, ‘आई स्वतःला पुल्लिंगी बोलतात, ती चूक तशीच का ठेवलीत?’ मी उत्तर जुळवतोय तोवर शेजारी बसलेली आई माझ्याकडं वळली.

‘मी काय चुकलो रे?’