एक मूठ दळण, एक शॉट

मित्रहो, वस्तूवर शॉर्टफिल्म करायची म्हटली की लोक दहा बाजूंनी दहा शॉट घेतात आणि फिल्म कॅटलॉगसारखी होते. माझं सांगणं एवढंच, की वस्तूत होणारा एक बदल निवडा आणि तो पुरता होईपर्यंत कॅमेरा हलवू नका. दादासाहेब फाळक्यांनी १९१२ मध्ये कुंडीतल्या वाटाण्याची वाढ टप्प्याटप्प्यानं चित्रित केली. पैसे लावणाऱ्यांना दाखवायला त्यांनी तेवढंच नेलं होतं.

आपल्याकडचा घरोट, म्हणजे दळायचं जातं, घ्या. कळण्याच्या भाकरीसाठी ज्वारी-उडीद दळताना वरच्या दगडाच्या कडेनं पीठ झरतं, त्यात उडदाच्या सालीचे काळे ठिपके दिसतात. फ्रेम तिथं लावा, खुंटा आणि हात अर्धेच दिसू द्या. एक मूठ वैरण, म्हणजे घरोटात टाकलेले दाणे, दळायला किती वेळ लागतो ते आधी घड्याळ लावून बघा. तीच तुमच्या शॉटची लांबी.

उजेड दारातून, एका बाजूनं येऊ द्या. समोरून आला तर झरणारं पीठ सपाट दिसतं. फ्रेममध्ये काळा दगड जास्त असल्यानं फोन आपोआप उजेड वाढवतो आणि पीठ पांढरंफटक होतं, ठिपके जातात. म्हणून बोट पिठावर दाबून धरा, एक्सपोजर (चित्रातला उजेड) आणि फोकस दोन्ही लॉक करा, मग एक्सपोजर थोडं खाली आणा. दगड फारच काळवंडला तर दाराच्या समोरच्या बाजूला, दोनेक फुटांवर थर्माकोलचा पत्रा उभा करा. फोकस लॉक विसरलात तर खुंट्यावरचा हात पुढून जाईल तेव्हा प्रत्येक फेऱ्याला चित्र धूसर होईल. एडिटिंगमध्ये हे दुरुस्त होत नाही.

सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५० सेकंद. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे दिव्याचा उजेड सेकंदाला शंभरदा कमीजास्त होतो. १/५० मध्ये त्याची बरोबर दोन आवर्तनं मावतात. १/६० ठेवलं तर काही एलईडी दिव्यांखाली भिंतीवर पट्टे सरकताना दिसतात. दिवसा दिवा बंदच ठेवावा. मे महिन्यात सकाळी नऊच्या आत आटपा. उन्हात फोन तापून रेकॉर्डिंग मध्येच थांबतं.

आता आवाज, कारण या फिल्मची खरी गोष्ट तोच सांगतो. वैरण असताना घरोट जड, भरल्या आवाजात घुमतो. दाणे संपत आले की दगडावर दगड घासल्याचा कोरडा आवाज वर येतो. हा फरक ऐकू यायला हवा, म्हणून पार्श्वसंगीत नको. दुसरा फोन फ्लाइट मोडवर टाका, जेमतेम वीतभर अंतरावर, पीठ उडणार नाही अशा बाजूला ठेवा आणि सुरुवातीला एक टाळी वाजवा, म्हणजे चित्राशी आवाज जुळवता येतो. पंखा, फ्रिज बंद. शेवटी खोलीतली नुसती शांतता तीस सेकंद वेगळी घ्या, आवाजातले जोड लपवायला ती लागते.

खुंटा थांबला की लगेच बटण दाबू नका. दहा सेकंद जाऊ द्या. कडेला अडकलेलं पीठ तेव्हाच हळूच खाली पडतं.