इनोकेंती स्मोक्तुनोव्स्की : उशिरा उजाडलेला नट

नमस्कार श्रोतेहो. आज एका रशियन नटाबद्दल बोलायचंय. नाव जरा जिभेला वळण देणारं आहे, इनोकेंती स्मोक्तुनोव्स्की.

जन्म 1925 चा, सायबेरियातल्या तोम्स्क भागातल्या एका खेड्यातला. घर शेतकऱ्याचं. दुष्काळाच्या दिवसांत पोराला क्रास्नोयार्स्कला आत्याकडे ठेवलं. अठरा वर्षं पुरी होतात न होतात तोच युद्धावर रवानगी झाली. कूर्स्कची लढाई, नीपर नदी ओलांडणं, मग जर्मनांच्या हाती कैद. तिथून तो निसटला, एका युक्रेनी कुटुंबाने त्याला लपवलं, आणि पुढे पुन्हा सैन्यात दाखल होऊन तो थेट जर्मनीपर्यंत गेला. पण स्टालिनच्या राज्यात शत्रूच्या कैदेत राहून आलेला माणूस म्हणजे संशयित! तेव्हा गडी ध्रुववृत्ताच्याही वर, नोरिल्स्कच्या नाटक कंपनीत जाऊन राहिला. सक्तमजुरीच्या छावण्यांनी उभं केलेलं ते शहर. एवढ्या लांब पुन्हा कोण शोधत येणार, हा त्याचा हिशेब. मूळचं स्मोक्तुनोविच हे आडनाव बदललं तेही तिथेच.

त्यानंतर मखाचकला, स्टालिनग्राड, मग मॉस्कोत कामासाठी वणवण. नाट्यशाळेची पदवी नाही, ओळखपाळख नाही. तिशी उलटली तरी नाव कुणाच्या कानावर नाही.

आणि मग लेनिनग्राडच्या बोल्शॉय ड्रामा थिएटरमध्ये दिग्दर्शक तोव्स्तोनोगोव यांनी दस्तयेवस्कीच्या ‘इडियट’ कादंबरीतला निर्मळ मनाचा प्रिन्स मिश्किन त्याच्या हवाली केला. एका युद्धपटात त्यांनी त्याचे डोळे हेरले होते म्हणे. तालमीत मात्र काही केल्या जमेना. अशात एकदा लेनफिल्म स्टुडिओच्या गजबजाटात त्याला एक माणूस दिसला. सगळीकडे धावपळ, आरडाओरडा, आणि हा आपला उभ्या उभ्या पुस्तकात बुडालेला. चौकशी केली तर कळलं, बुवा सतरा वर्षं सक्तमजुरीच्या छावणीत काढून आलाय. त्या उभं राहण्यात स्मोक्तुनोव्स्कीला मिश्किन गवसला. 1957 च्या शेवटच्या दिवशी पहिला प्रयोग झाला, आणि बत्तिसाव्या वर्षी हा माणूस गावभर झाला.

मला विचाराल तर त्याची सगळी ताकद याच जातीच्या माणसांत आहे. वागायला मऊ, पण वाकवायला जावं तर न वाकणारी. 1964 साली कोझिन्त्सेव यांनी ‘हॅम्लेट’ चित्रपट केला. भाषांतर पास्तरनाकचं, संगीत शोस्ताकोविचचं. आपल्याकडे आगरकरांच्या ‘विकारविलसित’पासून आपण हॅम्लेट म्हटलं की दणदणीत स्वगतांची वाट पाहतो. इथे तसलं काही नाही. बासरीचा प्रवेश आठवा. राजाने धाडलेल्या मित्राला हॅम्लेट म्हणतो, वाजव. तो म्हणतो, येत नाही. अरे, एवढीशी बासरी येत नाही आणि मला वाजवायला निघालास? स्मोक्तुनोव्स्की हे ओरडून सुनावत नाही, आणि समोरच्याला पळायला वाट उरत नाही. पुढच्या वर्षी त्याला लेनिन पारितोषिक मिळालं.

मग पुढे ‘गुन्हा आणि शिक्षा’तला पोर्फिरी, चेखॉव्हचा वान्या, माली थिएटरातला झार फ्योदोर. तार्कोव्स्कीच्या ‘मिरर’मध्ये तर हा माणूस दिसतच नाही, नायकाचा नुसता आवाज त्याचा. आम्हा रेडिओवाल्यांना त्याचं जरा जास्तच कौतुक! 1994 साली तो गेला.

पाहायचं असेल तर आधी ‘हॅम्लेट’ पाहा, आणि मग लगेच रियाझानोव यांचा 1966 चा ‘गाडी सांभाळा’ अशा अर्थाच्या नावाचा विनोदी चित्रपट. त्यात तो विमा एजंट आहे, लाचखाऊंच्या मोटारी पळवून विकतो आणि पैसे अनाथाश्रमांना धाडतो. संध्याकाळी हौशी मंडळात नाटक करतो, आणि भूमिका कोणती? हॅम्लेटचीच! त्याच्या मागावर असलेला तपास अधिकारी त्याच नाटकात लेआर्टिस, म्हणजे शेवटी हॅम्लेटशी तलवारीने लढणारा. तो अधिकारी झालेत ओलेग येफ्रेमोव. पुढे हेच येफ्रेमोव मॉस्को आर्ट थिएटरचे प्रमुख झाले आणि 1976 मध्ये चेखॉव्हच्या ‘इवानोव’साठी त्यांनी याला आपल्याकडे बोलावून घेतलं.