राजाची शपथ घेतलेल्या मुली

सुरुवात ४ सप्टेंबर १९०९ पासून करते. लंडनला क्रिस्टल पॅलेसमध्ये बॉय स्काउट्सचा पहिला मोठा मेळावा भरला होता, हजारो मुलं आलेली, आणि त्या गर्दीत काही मुली पण होत्या, स्काउटसारखीच हॅट, हातात काठी, आणि त्यांना कुणीही बोलावलं नव्हतं. स्काउट चळवळ सुरू करणाऱ्या बेडन-पॉवेलनी विचारलं तुम्ही कोण, तर म्हणाल्या आम्ही गर्ल स्काउट्स. आज मी जे काही बोलणारे त्याच्या मुळाशी ही गोष्ट आहे, कारण आपण नेहमी म्हणतो की साम्राज्याने मुलींना असं घडवलं, तसं घडवलं, आणि ते खरंच आहे, पण मुली स्वतः चालत आल्या होत्या, त्यांना काहीतरी हवं होतं, हे आपण विसरतो.

त्यांना काय हवं होतं? घराबाहेर पडायचं होतं, तंबू ठोकायचा होता, मोर्सची संदेशलिपी शिकायची होती. भावांनी स्काउटिंगचं पुस्तक आणलेलं, ते १९०८ साली पाक्षिक भागांमध्ये निघालं होतं, बहिणींनी पण वाचलं, आणि वाचून त्यांना वाटलं की हे आपल्यासाठी पण आहे. पण मोठ्या माणसांना धास्ती की मुली पुरुषी होतील. मग १९१० मध्ये वेगळी संघटना काढली, बेडन-पॉवेलची बहीण ॲग्नेस प्रमुख, आणि नाव दिलं गर्ल गाईड्स. हे नाव कुठून आलं बघा. १८४६ मध्ये पेशावरला इंग्रजांनी कोअर ऑफ गाईड्स नावाची पलटण उभी केली होती, वायव्य सरहद्दीसाठी, खाकी पहिल्यांदा घातली ती याच पलटणीने. बेडन-पॉवेल स्वतः हिंदुस्थानात नोकरीला होते, त्यांना या पलटणीचं फार कौतुक. म्हणजे इंग्लंडमधल्या बारा-चौदा वर्षांच्या पोरींच्या क्लबला नाव कुणाचं, तर पठाणांचा मुलुख ताब्यात ठेवायला उभारलेल्या फौजेचं!

१९१२ ला त्यांचं हँडबुक आलं, आणि साम्राज्याच्या उभारणीत मुली कशी मदत करू शकतात हे त्याच्या नावातच छापलेलं होतं. मला ते पुस्तक फार महत्त्वाचं वाटतं कारण त्यात दोन्ही गोष्टी एकाच दमात आहेत. एकीकडे स्वयंपाक, बाळाची काळजी, आजाऱ्याची शुश्रूषा, पुढे चांगली आई व्हायचंय, साम्राज्याला धट्टीकट्टी मुलं द्यायचीत. आणि दुसरीकडे सिग्नलिंग, प्रथमोपचार, आणि आठ इंच दोरीने चोर कसा बांधून ठेवायचा! आता कल्पना करा, एखादी मुलगी, घरी तिला मोठ्याने हसू नको म्हणतात, ती खोलीत बसून आठ इंच दोरीचा सराव करतेय. पहिल्या महायुद्धात तर ब्रिटिश गुप्तहेर खात्याने निरोप पोचवायला बॉय स्काउट्सच्या जागी गर्ल गाईड्स घेतल्या, कारण त्यांच्यावर जास्त भरवसा ठेवता यायचा.

पुस्तकांचंही तेच. १८८० पासून मुलींसाठी गर्ल्स ओन पेपर निघत होता, एका पेनीला मिळायचा. नंतर बेसी मर्चंट नावाच्या लेखिका आल्या, शंभरावर पुस्तकं लिहिली, नायिका कॅनडात, ऑस्ट्रेलियात, घोड्यावर, होडीत, संकटातून वाट काढणाऱ्या, आणि या बाई स्वतः कधी ब्रिटनबाहेर गेल्या नव्हत्या. त्या नायिकांना जी मोकळीक मिळाली ती वसाहतीतच मिळाली, घरी नाही, आणि ती जमीन आधी कुणाची होती हा प्रश्न त्या गोष्टींना फारसा पडत नाही. मुलीचं धाडस खरंच होतं, पण त्याची किंमत दुसऱ्या कुणीतरी मोजली होती, हे माझं स्पष्ट मत आहे.

सीक्रेट गार्डन तुमच्यापैकी बऱ्याच जणींनी वाचलं असेल, १९११ चं पुस्तक. मेरी लेनॉक्स, हिंदुस्थानात जन्मलेली, आजारी, पिवळी पडलेली, हट्टी. कॉलऱ्यात तिची आया मरते आणि मेरी रडत नाही. मग ती यॉर्कशायरला येते आणि तिथली मोलकरीण मार्था सहज म्हणते की तू हिंदुस्थानातून येणार म्हटल्यावर मला वाटलं तू काळी असशील. मेरी इतकी भडकते, म्हणते मला नेटिव्ह समजलीस? ती माणसं नसतातच, ती नोकर असतात, सलाम करणारी. आणि मग उशीत तोंड खुपसून रडते. हा प्रसंग मी कितीदा तरी वाचलाय आणि प्रत्येक वेळी मला वाटतं की आया मेल्यावर जे रडू आलं नाही ते इथे आलं, कारण तिची सगळी ओळखच ‘मी नेटिव्ह नाही’ यावर उभी होती. पुढे मेरी सुधारते, कपडे स्वतः घालायला शिकते, बागेत राबते, गाल लाल होतात. म्हणजे निरोगी मुलगी व्हायचं तर हिंदुस्थान अंगातून जायला हवा. आणि हे वाचून हिंदुस्थानातल्या इंग्रजी शाळांमधल्या आपल्या मुलींना काय वाटत असेल?

हिंदुस्थानात गाईड्सची पहिली कंपनी जबलपूरला, १९११ मध्ये, आणि ती युरोपियन आणि अँग्लो-इंडियन मुलींसाठी. आपल्या मुलींना दार उघडलं ते १९१६ च्या सुमारास. गाईड्सच्या स्वतःच्या नियमांत लिहिलेलं की गाईड ही प्रत्येक गाईडची बहीण, पण दक्षिण आफ्रिकेत काळ्या मुलींना गाईड्समध्ये घेतलं नाही, १९२५ ला त्यांच्यासाठी वेफेअरर्स नावाची वेगळी संघटना काढली, आणि १९३६ मध्ये सामावून घेतलं तेही वेगळ्या गटातच. कॅनडात तर आदिवासी मुलींना आईबापांपासून तोडून ज्या निवासी शाळांत ठेवलं तिथेही गाईड्सच्या तुकड्या होत्या.

आणि आपल्याकडे मुळात मुलगीपण केवढंसं होतं हो! रखमाबाईंचं लग्न अकराव्या वर्षी झालेलं. हरिभाऊ आपट्यांच्या ‘पण लक्षात कोण घेतो’मधली यमू आठवा, खेळता खेळता सासरी, आणि मग काय काय सोसलं बिचारीने. मुलींच्या लग्नाचं वय चौदा करणारा सारडा कायदा यायला १९२९ उजाडलं. त्यामुळे ज्या मोजक्या मुली तेरा-चौदाव्या वर्षी शाळेतच होत्या, त्यांना गाईडचा तास म्हणजे काय मिळालं असेल, मैदानावर धावणं, मैत्रिणी, शिट्टी, गणवेश. मी त्याला नुसता इंग्रजांचा डाव म्हणायला तयार नाही.

आता बंगालमधल्या चितगावला जाऊया. तिथल्या डॉ. खास्तगीर मुलींच्या शाळेत प्रीतिलता वड्डेदार आणि कल्पना दत्त शिकत होत्या, दोघी गाईड्स. शपथ होती देवाशी आणि राजा-सम्राटाशी निष्ठा ठेवायची. कल्पना दत्त यांनी नंतर आठवणी लिहिल्या त्यात हे आहे की प्रीतिलताला वाटायचं ही शपथ बदलून देव आणि देश अशी का करू नये. शाळेतली पोर! तिने शिस्त नाकारली नाही, कवायत नाकारली नाही, शपथ घेणंसुद्धा नाकारलं नाही, फक्त कुणाची शपथ एवढंच विचारलं. आणि त्याच वयात एका शिक्षिकेने तिला झाशीच्या राणीवरचं पुस्तक वाचायला दिलं होतं. तिकडे बेसी मर्चंटच्या नायिका आणि इकडे आपली लक्ष्मीबाई, घोडा दोन्हीकडे, पण कुठल्या बाजूने लढायचं हे लक्ष्मीबाईने सांगितलं.

पुढचं तुम्हाला माहीत असेल, दोघी क्रांतिकारकांना मिळाल्या. सप्टेंबर १९३२ मध्ये पहाडतलीच्या युरोपियन क्लबवरच्या हल्ल्याचं नेतृत्व प्रीतिलताने केलं, गोळी लागली, पकडलं जाऊ नये म्हणून सायनाईड घेतलं. वय २१. कल्पना १९३३ ला पकडल्या गेल्या, जन्मठेप झाली, १९३९ ला सुटल्या. त्याच सुमारास कोमिल्लात शांती घोष आणि सुनीती चौधरी या शाळकरी मुलींनी मॅजिस्ट्रेटवर गोळ्या झाडल्या, डिसेंबर १९३१ मध्ये. हिंसेबद्दल तुमचं माझं मत काहीही असो, या मुलींना आधी कवायत, गणवेश, गुपित राखणं, टोळीने काम करणं कुठून कुठून मिळालं ते बघितलं पाहिजे, आणि त्यात १९२८ च्या कलकत्ता काँग्रेसमध्ये गणवेशात संचलन करणाऱ्या स्वयंसेविका जशा आहेत तशीच शाळेतली गाईड कंपनीपण आहे.

स्वातंत्र्यानंतर भारत स्काउट्स अँड गाईड्स झालं, १९५१ मध्ये गाईड्स त्यात आल्या, पुण्यात तर १९६६ पासून गाईड्सचं जागतिक केंद्र संगम आहे, बेडन-पॉवेलच्या पत्नी ऑलेव्ह स्वतः उद्घाटनाला आल्या होत्या. आणि आजची प्रतिज्ञा काय आहे, तर ईश्वर आणि माझा देश यांच्याप्रती कर्तव्य. प्रीतिलताला हवा होता तोच बदल! आपल्या शाळांमध्ये गाईडच्या तासाला बेडन-पॉवेलची गोष्ट सांगतात, सांगावीच, पण चितगावच्या या दोघींची गोष्ट सांगायला दहा मिनिटंही लागत नाहीत, आणि इथे कुणी गाईड शिक्षिका बसल्या असतील तर माझी कळकळीची विनंती आहे की प्रतिज्ञा शिकवाल त्याच दिवशी ती सांगा.