रेणूची मालकी: १९७० चा पेटंट कायदा आणि भारतीय औषधनिर्मिती

झिडोव्हुडिन हे एचआयव्हीवरील एक औषध आहे. थायमिडिन हा डीएनएच्या बांधणीत लागणारा एक घटक आहे. त्याच्या साखरेच्या कड्यातील एका ठरावीक कार्बनवरचा हायड्रॉक्सिल गट काढून तेथे तीन नायट्रोजन अणूंचा अझाइड गट बसवला, की हे औषध तयार होते. विषाणू आपली डीएनए-साखळी वाढवताना हाच रेणू उचलतो आणि साखळी तेथेच खुंटते. कागदावर ही केवळ एका गटाची अदलाबदल दिसते; प्रत्यक्षात अझाइड गट थेट बसवायला गेल्यास तो कड्याच्या विरुद्ध बाजूला जातो आणि हवा तो रेणू मिळतच नाही. म्हणून त्या कार्बनवरची मांडणी आधी एकदा उलटवून घ्यावी लागते, म्हणजे अझाइड बसताना ती दुसऱ्यांदा उलटते आणि गट योग्य बाजूस येतो. हे साधण्याचे मार्ग एकाहून अधिक आहेत; शेवटी हाती येणारा रेणू मात्र एकच असतो.

आता कायद्यापुढचा प्रश्न असा, की मालकी त्या रेणूवर द्यायची, की तो तयार करण्याच्या एखाद्या मार्गावर? रसायनशास्त्राकडे याचे उत्तर नाही. ते प्रत्येक देशाच्या संसदेने दिले आहे, आणि भारताच्या संसदेने दिलेल्या उत्तरामुळे पुणे, मुंबई आणि हैदराबाद येथील रसायनशास्त्रज्ञांनी पुढची तीन दशके कोणते काम करायचे, हे ठरले.

स्वातंत्र्य मिळाल्यानंतरही भारतात १९११ चा ब्रिटिशकालीन पेटंट कायदाच लागू होता. पुण्यात १९५० मध्ये राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळा सुरू झाली, आणि जागतिक आरोग्य संघटना व युनिसेफ यांच्या साहाय्याने १९५४ मध्ये पिंपरीला हिंदुस्तान अँटिबायोटिक्सचा कारखाना उभा राहिला. म्हणजे प्रयोगशाळा होत्या, कारखाना होता, प्रशिक्षित माणसेही होती. परंतु देशातील बहुसंख्य पेटंटे परदेशी कंपन्यांच्या हाती होती. अमेरिकेच्या सिनेटमधील केफॉव्हर समितीने औषधांच्या किमतींची चौकशी केली, तेव्हा काही प्रतिजैविकांच्या भारतातील किमती जगातील सर्वाधिक किमतींमध्ये मोडतात, असे तिला आढळले. त्या काळच्या भारतीयाचे उत्पन्न ध्यानात घेतले, म्हणजे या निष्कर्षाची तीव्रता कळते.

न्यायमूर्ती एन. राजगोपाल अय्यंगार यांनी १९५९ मध्ये सरकारला सादर केलेला पेटंट कायद्याविषयीचा अहवाल आजही मुळातून वाचावा, इतका विचारपूर्वक लिहिलेला आहे. त्यांनी जर्मनीकडे पाहिले. जर्मनीच्या १८७७ च्या कायद्याने रासायनिक पदार्थांवर पेटंट नाकारून ते केवळ प्रक्रियांना दिले होते, आणि त्याच कायद्याच्या छायेत जर्मन रंगद्रव्य उद्योग जगात अव्वल ठरला. औषध आणि अन्न यांबाबत भारतानेही प्रक्रियेपुरतेच पेटंट द्यावे, असे अय्यंगार यांनी सुचवले. त्या आधारे आलेले नव्या पेटंट कायद्याचे विधेयक साठच्या दशकात बराच काळ रखडले, अखेर १९७० मध्ये संमत झाले आणि २० एप्रिल १९७२ पासून अमलात आले. औषधाच्या प्रक्रियेवरील पेटंटाची मुदतही मंजुरीपासून पाच वर्षे किंवा अर्जाच्या वेळच्या तारखेपासून सात वर्षे, यांपैकी जी आधी संपेल ती, एवढीच ठेवण्यात आली.

या एका तरतुदीमुळे प्रक्रिया-रसायनशास्त्राला, म्हणजे ज्ञात रेणूकडे नव्या मार्गाने पोहोचण्याच्या विद्येला, भारतात अभूतपूर्व महत्त्व आले. संश्लेषणातील पायऱ्या कमी करणे, महागड्या अभिकर्मकाला पर्याय शोधणे, द्रावक परत मिळवून पुन्हा वापरणे आणि प्रत्येक टप्प्यावर उतारा, म्हणजे हाती येणाऱ्या पदार्थाचे प्रमाण, वाढवणे, हे काम वरकरणी रुक्ष वाटेल; पण औषधाची किंमत नेमकी तेथेच ठरते. पुण्याच्या प्रयोगशाळेत अनेक वर्षे काम केलेले ए. व्ही. रामाराव पुढे हैदराबादच्या भारतीय रासायनिक तंत्रज्ञान संस्थेचे संचालक झाले. त्या संस्थेत विकसित झालेल्या पद्धतीच्या आधारे मुंबईच्या सिप्ला कंपनीने १९९३ मध्ये झिडोव्हुडिन भारतीय बाजारात आणले. या धोरणाची उणी बाजूही सांगितली पाहिजे: संपूर्णपणे नवे रेणू शोधण्यात भारतीय उद्योग मागे राहिला.

या कायद्याचे सर्वांत मोठे फळ देशाबाहेर दिसले. त्या काळी एचआयव्हीवर तीन औषधे एकत्र घेणे आवश्यक असे. परंतु स्टाव्हुडिन, लॅमिव्हुडिन आणि नेव्हिरापिन ही औषधे तीन वेगवेगळ्या बहुराष्ट्रीय कंपन्यांची होती, त्यामुळे पाश्चात्त्य देशांत ती एका गोळीत आणायला तीन मालकांची संमती लागली असती. भारतात रेणूवर मालकीच नव्हती. सिप्लाने तिन्ही औषधे एका गोळीत आणली आणि फेब्रुवारी २००१ मध्ये ‘डॉक्टर्स विदाउट बॉर्डर्स’ या संस्थेला हा उपचार एका रुग्णासाठी वर्षाला ३५० डॉलर दराने देऊ केला. मूळ कंपन्यांचा उपचार तेव्हा दहा हजार डॉलरांहून महाग होता. आफ्रिकेतील असंख्य रुग्णांच्या जगण्याशी भारतीय संसदेच्या एका कलमाचा असा थेट संबंध आहे.

जागतिक व्यापार संघटनेच्या करारामुळे २००५ पासून रेणूवरील पेटंट भारतात परत आले. मात्र त्या वर्षीच्या दुरुस्तीत, सरकारला पाठिंबा देणाऱ्या डाव्या पक्षांच्या आग्रहानंतर, कलम ३(ड) ला आजचे रूप मिळाले. ज्ञात पदार्थाच्या नव्या रूपाने, मग ते क्षार असो वा वेगळी स्फटिकरचना, परिणामकारकतेत लक्षणीय वाढ होत नसेल, तर त्याला नवा शोध मानायचे नाही, असे हे कलम सांगते.

या कलमाची कसोटी इमॅटिनिब या रक्ताच्या कर्करोगावरील औषधाने घेतली. नोव्हार्टिस कंपनीने इमॅटिनिब मेसिलेटच्या ‘बीटा’ स्फटिकरूपावर पेटंट मागितले होते. हे रूप अधिक स्थिर असते, हवेतील ओलावा कमी शोषते आणि त्याची भुकटी सहज वाहते. गोळ्या बनवणाऱ्याला हे गुण निश्चितच हवेसे असतात. परंतु १ एप्रिल २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्ती आफताब आलम आणि न्यायमूर्ती रंजना देसाई यांच्या खंडपीठाने निकाल दिला, की औषधाच्या बाबतीत परिणामकारकता म्हणजे रोग बरा करण्याची क्षमता; आणि या गुणांनी ती वाढल्याचे सिद्ध झालेले नाही. कंपनीच्या औषधाचा महिन्याचा खर्च सुमारे १,२०,००० रुपये होता, तर भारतीय कंपन्यांचे तेच औषध दहा हजार रुपयांच्या आत मिळत होते.

पुढे हाच वाद क्षयरोगाच्या औषधावरून झाला. बेडाक्विलिनच्या फ्युमरेट क्षारावर जॉन्सन अँड जॉन्सनने पेटंट मागितले होते आणि क्षयातून बऱ्या झालेल्या दोन स्त्रियांनी, एक भारतीय व एक दक्षिण आफ्रिकी, त्याला रीतसर हरकत घेतली होती. मुंबईच्या पेटंट कार्यालयाने मार्च २०२३ मध्ये तो अर्ज फेटाळला. तो मंजूर झाला असता, तर कंपनीची मक्तेदारी आणखी चार वर्षे टिकली असती. जुलै २०२३ मध्ये मूळ पेटंटाची मुदत संपली आणि औषधाला दाद न देणाऱ्या क्षयावरील हे औषध बनवण्याचा मार्ग भारतीय कारखान्यांना मोकळा झाला.