खिडकीतल्या सूडदेवता

नमस्कार श्रोतेहो. पद्यनाटक टीव्हीवर आणायचं म्हटलं की लोक विचारतात, माणसं कवितेत बोललेली चालतील का? चालतील हो. खरी अडचण वेगळीच. जे एकालाच दिसतं, ते कॅमेऱ्याने दाखवायचं का?

कवी टी. एस. एलियटचं ‘द फॅमिली रीयुनियन’ हे पद्यनाटक घ्या. आठ वर्षांनी हॅरी आईच्या वाढदिवसाला घरी येतो आणि सांगतो, बायको बोटीवरून पडली नाही, मी तिला ढकललं. खरंच ढकललं का, हे नाटक पक्कं सांगतच नाही. पण ग्रीक नाटकातल्या सूडदेवता त्याच्या मागे लागल्यात. दिवाणखान्याच्या खिडकीत उभ्या आहेत!

१९३९ साली लंडनच्या वेस्टमिन्स्टर थिएटरात हे नाटक आलं. मायकेल रेडग्रेव्ह झाला हॅरी. पुढे १९५१ मध्ये छापलेल्या एका व्याख्यानात एलियटने या देवतांची फजिती स्वतःच सांगितली. रंगमंचावर उभ्या केल्या, तर वेशभूषेच्या पार्टीतून वाट चुकलेल्या बिनबोलावलेल्या पाहुण्या वाटल्या. जाळीच्या पडद्यामागे नेल्या, तर वॉल्ट डिस्नेचं चित्र! उजेड कमी केला, तर खिडकीबाहेरची झुडपं. कुठल्याशा प्रयोगात म्हणे त्या फुटबॉलच्या टीमसारख्या घुसल्या. शेवटी एलियटने हात टेकले. पात्रयादीतून नावच काढा म्हणाला. काही पात्रांना दिसू देत, प्रेक्षकांना नको. मी हे कितीदा सांगितलंय, दरवेळी त्या झुडपांपाशी मलाच हसू फुटतं.

तर टीव्हीवरही तेच. दाखवू नका. हॅरीचा चेहरा दाखवा, तो पाहतोय ती खिडकी दाखवू नका. आणि कृपा करून ढँण्‌ढँण् संगीत नको! आपल्या मालिकांत सासूने चहात साखर जास्त घातली तरी वीज कडाडते. असो.

मावश्या आणि काका मिळून कोरस म्हणतात, तो मिटल्या ओठांनी, नुसता मनातला आवाज म्हणून घ्यावा. एकसुरात बोलायला लावलं की शाळेची प्रार्थना होते.

मग मावशी ॲगाथाकडून हॅरीला कळतं, त्याच्या बापालाही हॅरीच्या आईला ठार मारावंसं वाटलं होतं. तिथून भीती फिरते. ज्या देवतांपासून पळत होता, त्यांच्याच मागे तो निघतो. घर सोडून, मोटारीने. आणि ड्रायव्हर डाउनिंग शांतपणे सांगतो, त्या मलाही दिसल्यात.

हा शेवट मी कसा घेईन, सांगू? कॅमेरा मोटारीत, मागच्या रिकाम्या सीटवर. पुढे दोघांच्या पाठी. डाउनिंग एकदाच आरशात बघतो, आणि गाडी सुरू करतो.