आयर्विनला किती?

नमस्कार श्रोतेहो.

२०१९ च्या ऑगस्टातली, सांगलीतल्या महापुराच्या वेळची गोष्ट. आमच्या गल्लीतल्या काकूंना पुतण्याचा फोन आला. पोरगा घाईत. "काकू, कोयना धरणातून विसर्ग वाढवलाय, इतके इतके हजार क्युसेक," एवढं बोलून त्यानं फोन ठेवला. काकू दारात येऊन मला विचारतात, "अरे, क्युसेक म्हणजे आपली कितवी पायरी?"

मला आधी हसू आलं, मग लाज वाटली. क्युसेक म्हणजे सेकंदाला एक घनफूट, साधारण २८ लिटर, हे मला पाठ. पण तेच पाणी कराडला कृष्णेत मिसळून आपल्या गल्लीत कुठवर चढणार, हे कुठं येत होतं? फोनला रेंज चांगली होती, शब्द न शब्द ऐकू आला होता. तरी काकूंच्या हाती काही लागलं नव्हतं.

क्लॉड शॅनन या अमेरिकन गणितज्ञानं १९४८ साली संदेशवहनाची साखळी मांडली. बोलणारा, बोलण्याचा संकेत करणारं यंत्र, मधली वाट, वाटेतला गोंगाट, संकेत उलगडणारं पलीकडचं यंत्र आणि ऐकणारा. संज्ञापनाच्या पुस्तकांत आजही ती जवळपास तशीच काढतात. पण शॅनन टेलिफोनवाल्यांच्या प्रयोगशाळेतला माणूस, त्याला काळजी तारेची. अर्थाशी आपल्याला कर्तव्य नाही, हे त्यानं सुरुवातीलाच सांगून टाकलं. काकूंचा प्रश्न नेमका तिथून पुढं सुरू होतो.

तो धागा संज्ञापनाचा अभ्यासक विल्बर श्रॅम यानं १९५४ साली उचलला. दोघांच्या अनुभवाचा जेवढा भाग सामाईक, तेवढ्यातूनच अर्थ पोचतो, असं त्याचं म्हणणं.

सांगलीकरांचा तो सामाईक भाग म्हणजे कृष्णेवरचा आयर्विन पूल. १९२९ सालचा. पुलापाशी पाणी ४० फुटांवर गेलं की इशारा, ४५ ला धोका. पुराच्या दिवसांत इथं कुणी "कसं काय" विचारत नाही, "आयर्विनला किती?" एवढंच विचारतात. आकडा ऐकला की कुठला चौक गेला, कुणाच्या दारात पाणी आलं, हे ज्याचं त्याला कळतं.

आता माझंच बघा. खोलीत एकटा बसलोय, समोर माईक. मी भरभर बोलायला लागलो की काचेपलीकडच्या बाई भुवई उंचावतात, मी सावरतो. तुमची भुवई मला दिसत नाही. दारात येऊन "म्हणजे काय रे?" विचारायची सोय रेडिओत नाही, आणि ही उणीव काही लहान नव्हे.

काकूंना ती सोय होती. मी पुतण्याला परत फोन लावून दिला. या खेपेला त्यांनी क्युसेकचं नावच काढलं नाही.

"आयर्विनला किती झालंय? आणि २००५ ला आलंतं, त्याच्या वर जाईल का रे?"

पलीकडं पोरगा जरा वेळ गप्पच राहिला. मग म्हणाला, "काकू, ज्वारीची पोती माळ्यावर टाका."

काकू फोन माझ्या हातात देऊन आत वळल्यासुद्धा.