आर्टिबोनाइटचं भात आणि बंदरातली पोती

[दृश्य : खाचरं, लावणी]
कॅरिबियनमधल्या हैती देशातलं आर्टिबोनाइट नदीचं खोरं. कालव्याचं पाणी घेऊन चिखलणी झाली आहे. तीन-चार आठवड्यांच्या रोपांची लावणी चालू आहे.

[दृश्य : झोडणी, वाळवण, गिरणी]
कापणी विळ्यानं, झोडणी हातानं. इथपर्यंत भात उत्तम असतं. बिघडतं ते वाळवणात. भरडायला नेताना दाण्यात ओलावा 14 टक्क्यांच्या आसपास हवा. ओला दाणा गिरणीत चेपतो. कडक उन्हात घाईनं वाळवला, किंवा वाळल्यावर पुन्हा पावसात भिजला, तर आतून तडकतो. जुन्या एकरोळी हलरमध्ये तूस आणि कोंडा एकाच घासणीत निघतात. तडकलेल्या दाण्याची तिथे कणीच होते. 100 किलो भातामागे 60 किलोच्या आतबाहेर तांदूळ पडतो. रबरी रोळांच्या गिरणीत 65 ते 70 किलो, तोही बहुतांश अख्खा. शेतकऱ्याच्या घामाचे हे किलो कोंड्यात जातात!

[दृश्य : बंदर, पोती]
ही तांदळाची पोती अमेरिकेची. तिथल्या 2014च्या शेती कायद्यानं लांब दाण्याच्या भाताला 100 पौंडांमागे 14 डॉलर संदर्भ भाव धरला. बाजाराची सरासरी त्याखाली गेली, की नोंदलेल्या क्षेत्राच्या 85 टक्के भागासाठी तो फरक सरकार भरतं. भाव पडला तरी तिकडे पुढची पेरणी होते. इथे खताची उधारीसुद्धा फिटत नाही.

हैतीच्या शेतकऱ्याला आयातशुल्क हाच काय तो आडोसा होता. 1995 साली ते 3 टक्क्यांवर आणलं गेलं. कॅरिकॉम या कॅरिबियन देशांच्या व्यापारगटाचं सामाईक शुल्क 25 टक्के आहे. 2010 मध्ये अमेरिकेचे माजी अध्यक्ष बिल क्लिंटन यांनी तिथल्या सिनेटच्या समितीपुढे मान्य केलं, की या धोरणानं त्यांच्या अर्कान्सास राज्यातल्या काही शेतकऱ्यांचं भलं झालं असेल, पण हैतीची स्वतःपुरतं पिकवण्याची ताकद गेली.

[दृश्य : राजधानीतली वस्ती, बाजार]
गावं रिकामी झाली. 2008 मध्ये धान्य महागलं, दंगली झाल्या, पंतप्रधानांना जावं लागलं.

[दृश्य : गाळानं भरलेला कालवा]
शुल्क वाढवायलाच हवं, मात्र टप्प्याटप्प्यानं. कारण शहरातला गरीब आज हाच आयात तांदूळ विकत घेतो. वाढीव शुल्कातून येणारा पैसा गाळ काढायला, सिमेंटची खळी बांधायला आणि रबरी रोळांच्या गिरण्यांना लावावा. त्यातही आधी गाळ. कालव्याच्या शेवटच्या टोकाला पाणीच पोचत नसेल, तर तिथल्या खाचरांना वाढीव शुल्काचा काहीच उपयोग नाही.